आब्रेउ, सेबास्तियान
(१७ ऑक्टोबर १९७६ – ). सर्वाधिक व्यावसायिक क्लबांकडून खेळण्याचा विक्रम केलेला उरुग्वेचा आघाडीपटू. जन्म मिनास येथे. १९९५ मध्ये देफेन्सोर स्पोर्टिंगकडून पदार्पण. १९९८ मध्ये स्पेनच्या देपोर्तिवो ला कोरुन्याने त्याला करारबद्ध केले. प्रत्यक्षात तो तेथे थोडाच खेळला. देपोर्तिवोशी करार कायम ठेवून त्याला ब्राझील, मेक्सिको, अर्जेंटिना येथे उसनवारीने पाठविण्यात आले (पहा : खेळाडू-हस्तांतरण). क्लबाक्लबांतील त्याच्या भटकंतीचे मूळ बव्हंशी या उसनवारीतच आहे. पुढे इझ्राएल, ग्रीस, एल साल्वादोर धरून एकूण अकरा देश. २०१७ मध्ये चिलीचा औदाक्स इतालियानो हा त्याचा २६ वा क्लब ठरला व गिनीज नोंद झाली. उंच बांधा, हेडरवर प्रभुत्व व १३ क्रमांकाचा शर्ट ही वैशिष्ट्ये. २०१० च्या विश्वचषकात घानाविरुद्ध निर्णायक पेनल्टी त्याने चेंडू अलगद उचलून गोलच्या मधोमध मारली (पहा : पानेन्का). निवृत्ती २०२१.