राज्याच्या आधीचा संघ

श्रोतेहो, महाराष्ट्र राज्य १ मे १९६० रोजी स्थापन झाले, हे आज शाळेतले पोरही सांगेल. पण त्याच्या वीस वर्षे आधी ‘महाराष्ट्र’ या नावाने हिंदुस्थानातला सर्वांत मोठा क्रिकेटचा करंडक जिंकला होता, आणि तोही एकदा नव्हे, लागोपाठ दोन वर्षे. १९३९-४० आणि १९४०-४१ या दोन हंगामांत रणजी करंडक महाराष्ट्राकडे होता. राज्य नव्हते, प्रांत नव्हता, संघ मात्र होता. आजचे हे भाषण त्या संघाविषयी आहे, आणि आपल्या परभणी जिल्ह्याचा त्याच्याशी संबंध काय, याविषयीही आहे.

त्या वेळचा नकाशा डोळ्यांसमोर आणा. पुणे मुंबई इलाख्यात. नागपूर, अकोला मध्यप्रांत-वऱ्हाडात. सांगली, मिरज, जत, कोल्हापूर ही आपापल्या राजांची संस्थाने. आणि परभणी? परभणी निजामाच्या हैदराबाद संस्थानात. सरकारी भाषा उर्दू, बाजारात हाली रुपया, सरहद्दीवर करोडगिरीचा नाका. पुण्याला जायचे तर मनमाडला गाडी बदलायची आणि गाठीच्या हाली पैशाचे कलदार करून घ्यायचे. मराठी बोलणारा माणूस असा तीन-चार सरकारांत वाटला गेलेला होता. ‘महाराष्ट्र’ हा शब्द होता तो ग्रंथांत, अभंगांत आणि लोकांच्या मनात. कचेरीच्या शिक्क्यावर तो कोठेच नव्हता.

अशा वेळी हे नाव दोन ठिकाणी, दोन अगदी वेगळ्या कारणांनी, पाटीवर लागले. १९३४ साली पुण्यात महाराष्ट्र क्रिकेट असोसिएशन स्थापन झाली. आणि १९३७ साली हैदराबाद संस्थानातील मराठी लोकांची महाराष्ट्र परिषद भरली. तिचे पहिले अधिवेशन झाले परतूरला. परतूर आज जालना जिल्ह्यात आहे, पण तेव्हा ते आपल्या परभणी जिल्ह्यात होते. अध्यक्ष होते गोविंदराव नानल. एका ठिकाणी चेंडू-फळीचा खेळ, दुसऱ्या ठिकाणी नागरी हक्कांची मागणी. या दोघांचा एकमेकांशी काही व्यवहार होता असे मी म्हणणार नाही. पण दोघांनी आपल्यासाठी नाव निवडले ते एकच, आणि त्या नावाचा मुलूख तेव्हा कोणत्याच सरकारच्या दप्तरी नव्हता, ही गोष्ट विचार करण्यासारखी आहे.

रणजी करंडकाची स्पर्धा सुरू झाली १९३४-३५ साली. पहिले दोन हंगाम मुंबईने जिंकले, तिसरा नवानगरने. चौथ्या वर्षी, १९३७-३८ मध्ये, करंडक गेला हैदराबादला. अंतिम सामना नवानगरशी होता, आणि हैदराबादने तो अवघा एक गडी राखून जिंकला. त्या वेळी एडी ऐबारा यांनी नाबाद १३७ धावा केल्या. आता सरकारी हिशेबाने पाहिले तर हा विजय परभणीचाच म्हणायचा, कारण परभणी हैदराबाद संस्थानात! नकाशा त्या बाजूचा आणि भाषा या बाजूची, असा हा पेच होता.

दोन वर्षांनी महाराष्ट्राची पाळी आली. कर्णधार होते प्रोफेसर दिनकर बळवंत देवधर. पुण्याच्या सर परशुरामभाऊ कॉलेजात ते संस्कृत शिकवीत. जन्म १४ जानेवारी १८९२ चा. म्हणजे या हंगामात त्यांनी अठ्ठेचाळीसावे वर्ष पुरे केले. या वयात खेळाडू मैदानाबाहेर खुर्ची टाकून बसतात आणि आपल्या वेळच्या गोष्टी सांगतात. देवधर त्या वयात संघ घेऊन मैदानात उतरले. १९२६ साली गिलिगन यांचा इंग्लिश संघ मुंबईत आला असता त्याच्याविरुद्ध त्यांनी १४८ धावा केल्या होत्या. परंतु १९३२ साली हिंदुस्थान आपला पहिला कसोटी सामना लॉर्ड्सवर खेळला तेव्हा देवधर चाळिशीला पोचले होते, आणि त्या संघात त्यांना जागा मिळाली नाही. कसोटीचे दार त्यांच्यासाठी कायमचेच बंद राहिले. मग जे मैदान हाताशी होते, त्यावर त्यांनी संघ उभा केला.

१९३९-४० च्या त्या हंगामातली मोठी खेळी विजय हजारे यांची. पुण्यात बडोद्याविरुद्ध त्यांनी नाबाद ३१६ धावा काढल्या. रणजी स्पर्धेतले हे पहिले त्रिशतक. यातली खरी गंमत निराळीच आहे. आठ गडी बाद झाल्यावर नगरवाला त्यांच्या साथीला आले, आणि या नवव्या जोडीने २४५ धावांची भर घातली. नववा गडी म्हणजे बहुधा गोलंदाज. तो येतो तेव्हा समोरचा संघ पॅडे बांधायच्या तयारीत असतो. येथे मात्र क्षेत्ररक्षकांना तासचे तास धावावे लागले. पुढे अंतिम सामना पुण्यातच संयुक्त प्रांताशी झाला, आणि महाराष्ट्राने तो दहा गडी राखून जिंकला.

आता या जोडीकडेच जरा निराळ्या नजरेने बघा. हजारे सांगलीचे मराठी ख्रिस्ती. नगरवाला पारशी. कर्णधार देवधर संस्कृतचे पंडित. त्या काळी लोकांची झुंबड उडे ती मुंबईच्या पंचरंगी सामन्यांना. तेथे संघ पडत ते धर्मावरून : हिंदू, मुसलमान, पारशी, युरोपियन, आणि उरलेल्यांचा एक. सोहोनी हिंदूंच्या संघात, तर हजारे ‘उरलेल्यां’च्या संघात. पुण्यात जे खांद्याला खांदा लावून खेळत, ते मुंबईत देवळा-चर्चच्या हिशेबाने समोरासमोर उभे राहत. १९४० च्या डिसेंबरात महात्मा गांधींनी या धर्मवार सामन्यांविरुद्ध जाहीर मत दिले, आणि त्या वर्षी हिंदूंचा संघ पंचरंगीत उतरला नाही. रणजी सामन्यांचा हिशेब साधा होता. तू कोणत्या देवाला भजतोस हे तेथे कोणी विचारीत नसे. तू कोणत्या मुलखाकडून खेळतोस एवढाच प्रश्न. ‘महाराष्ट्र’ म्हणजे कोण, या प्रश्नाला त्या अकरा जणांनी मैदानावर दिलेले उत्तर मला तरी फार मोलाचे वाटते. जो या नावाने खेळायला उतरला, तो महाराष्ट्राचा.

दुसरे वर्ष अधिक कठीण होते. करंडक एकदा जिंकणाऱ्याला लोक दैववान म्हणतात. दुसऱ्यांदा जिंकला तरच त्याच्या कर्तृत्वावर विश्वास ठेवतात. १९४०-४१ मध्ये पुण्यात गाठ पडली मुंबईशी. रणजी सामन्यांचा एक नियम येथे सांगितला पाहिजे. दोन्ही डाव पुरे होऊन निकाल लागला नाही, तर पहिल्या डावात ज्याच्या धावा जास्त, तो पुढे जातो. त्यामुळे पहिल्या डावातली एकेक धाव मोहरेसारखी मोजून घ्यावी लागते. महाराष्ट्राने पहिल्या डावात ६७५ धावा केल्या. त्यात एकट्या देवधरांच्या २४६! अठ्ठेचाळीस वर्षांचा प्रोफेसर आणि समोर मुंबईची ताज्या दमाची पोरे. मुंबईही काही कमी नव्हती. खंडू रांगणेकरांनी २०२ धावा ठोकल्या, आणि मुंबई हळूहळू त्या डोंगराच्या माथ्यापर्यंत येऊन पोचली. तिचा डाव संपला ६५० वर. दोन डावांत तेराशे पंचवीस धावा, आणि अंतर केवळ पंचवीस धावांचे! तेवढ्या शिदोरीवर महाराष्ट्र पुढे गेला.

त्याच हंगामात उत्तर हिंदुस्थानच्या संघाविरुद्ध महाराष्ट्राने एका डावात ७९८ धावा केल्या. एवढ्या धावा म्हणजे समोरच्या संघाने दिवसेंदिवस उन्हात पळत राहायचे. वेस्टर्न इंडियाविरुद्ध रंगा सोहोनींनी नाबाद २१८ धावा काढल्या. हे सोहोनी डावाच्या आरंभी फलंदाजीला येत आणि समोरच्यांचा डाव सुरू झाला की नवा चेंडूही तेच हातात घेत. म्हणजे शेतातली पेरणीही त्यांची आणि खळ्यावरची मळणीही त्यांची. त्या एका हंगामात त्यांनी ६५५ धावा केल्या. अंतिम सामना मद्रासेत, मद्रासच्या संघाशी होता. परके मैदान, परकी हवा. महाराष्ट्राने तो सहा गडी राखून जिंकला आणि करंडक पुन्हा पुण्याला आणला.

हे सगळे चालू होते तेव्हा देश शांत होता असे समजू नका. युरोपात महायुद्ध पेटले होते. प्रांतांतील काँग्रेस मंत्रिमंडळांनी १९३९ च्या अखेरीस राजीनामे दिले होते. १९४० च्या ऑक्टोबरात विनोबांनी वैयक्तिक सत्याग्रह आरंभला. हैदराबाद संस्थानात स्टेट काँग्रेसवर बंदी होती. अशा दिवसांत एका करंडकाने राज्य मिळाले असे म्हणणे पोरकटपणाचे होईल. राज्य मिळाले ते तुरुंगवासाने, सत्याग्रहाने आणि पुढे संयुक्त महाराष्ट्राच्या चळवळीतल्या हुतात्म्यांच्या रक्ताने. करंडकाने केले ते एवढेच : मद्रास, लाहोर, कलकत्ता येथल्या माणसाच्या सकाळच्या वर्तमानपत्रात ‘महाराष्ट्र’ हे नाव एका चालत्याबोलत्या गोष्टीचे नाव म्हणून छापून आले. नावाला नुसते स्मरण पुरत नाही, त्याला वापर लागतो. देवधरांच्या संघाने ते नाव वापरात आणले.

या कथेला दुसरीही बाजू आहे, आणि ती झाकून ठेवू नये. त्या काळी खेळाडूचे पोट क्रिकेटवर चालत नसे. नवानगर, बडोदे, होळकर या संघांच्या पाठीशी राजे होते. ते खेळाडूला दरबारी नोकरी देत. महाराष्ट्राच्या पाठीशी असा कोणी राजा नव्हता, कारण महाराष्ट्राला गादीच नव्हती. कर्णधाराचा पगार कॉलेजातून येई. १९४१ पासून हजारे बडोद्याकडून खेळू लागले, आणि पुढच्या हंगामात करंडक मुंबईने नेला. १९४२-४३ मध्ये तो बडोद्याला गेला. हेच हजारे पुढे भारताचे कर्णधार झाले. १९५२ च्या फेब्रुवारीत मद्रासला भारताने आपला पहिला कसोटी विजय मिळवला तो त्यांच्याच नेतृत्वाखाली. नावाच्या अभिमानाने संघ जमतो. पण टिकतो तो माणसाच्या चरितार्थाची सोय केल्यानेच, हा धडा त्या दोन हंगामांनंतर लगेचच मिळाला.

मग इतिहासाने वेग घेतला. १९४८ च्या सप्टेंबरात पोलीस कारवाई झाली आणि निजामी अंमल संपला. त्याच डिसेंबरात पुण्याला भाऊसाहेब निंबाळकरांनी महाराष्ट्राकडून काठेवाडविरुद्ध नाबाद ४४३ धावा केल्या. ब्रॅडमनचा ४५२ चा विक्रम नऊ धावांवर आला असताना काठेवाडने सामनाच सोडून दिला. १ नोव्हेंबर १९५६ ला मराठवाडा द्वैभाषिक मुंबई राज्यात आला, आणि १९६० ला महाराष्ट्रात. पाटीवरचे नाव आता नकाशावर आले होते.

पण क्रिकेटच्या नकाशाने मात्र जुनीच कुंपणे ठेवली. आजही एका महाराष्ट्र राज्यातून रणजीला तीन संघ उतरतात : मुंबई, विदर्भ आणि महाराष्ट्र. परभणी जिल्हा या तिसऱ्याच्या, म्हणजे पुण्याच्या असोसिएशनच्या कक्षेत येतो. ज्या संघाने १९४० साली करंडक उचलला तेव्हा आपण करोडगिरीच्या नाक्यापलीकडे होतो, तो संघ आज आपला आहे. मात्र १९४१ नंतर त्याला तो करंडक पुन्हा मिळालेला नाही. १९७०-७१ मध्ये अंतिम सामन्यात मुंबईकडून ४८ धावांनी हार झाली. १९९२-९३ मध्ये लुधियानात पंजाबने हरवले. २०१३-१४ मध्ये केदार जाधव यांनी हंगामात १२२३ धावा काढल्या, संघ अंतिम सामन्यात पोचला, आणि तेथे कर्नाटकाने सात गडी राखून विजय मिळवला. तो सामना झाला कोठे? हैदराबादेत!

श्रोतेहो, देवधर १९९३ साली गेले, वयाच्या एकशे एकाव्या वर्षी. त्यांच्या नावाची देवधर करंडकाची स्पर्धा १९७३-७४ पासून सुरू झाली होती. त्यांच्या संघात गंगाखेड-सेलूचा मुलगा असण्याची सोयच नव्हती. सरहद्द आडवी होती. आता ती सरहद्द नाही. आता आडवे येते ते दुसरेच : तालुक्याला सपाट मैदान नसणे, शिकवणारा माणूस नसणे, पुण्याच्या निवड चाचणीला जायला गाडीभाडे नसणे. काळ्या रानात विटी-दांडू आणि हुतुतू खेळून तयार झालेला हात फळी धरायला कमी पडेल असे मानायला काही आधार नाही. १९४० साली संघाला ‘महाराष्ट्र’ हे नाव होते आणि त्या नावाचा बराचसा मुलूख त्याच्याबाहेर होता. आज मुलूख आत आहे. त्या मुलखातली पोरे संघात दिसू लागली, म्हणजे ते नाव पुरेपूर खरे झाले असे म्हणता येईल.