लाकूड की पत्रा? एका ओल्या भिंतीची गोष्ट



चिंचवडच्या आमच्या घराची पश्चिमेकडची भिंत पावसाच्या तोंडावर आहे. जून लागला की ती ओल धरते आणि श्रावणापर्यंत आतून, कपाटामागे, बुरशीचे हिरवे-काळे डाग उमटतात. ते दिसले की माझा हात थांबतो. लीलण-फूलण म्हणजे अनंतकाय, फडका फिरवला तर किती जीव जातील! नाही पुसलं तर बुरशी पसरते आणि सासूबाईंचा दमा उठतो. चातुर्मासात बाकी सगळीकडे यतना पाळायची आणि या भिंतीपाशी येऊन हरायचं, असं कितीतरी वर्षं चाललं.

म्हणून या वर्षी उन्हाळ्यातच भिंतीला बाहेरून आवरण घालायचं ठरलं. कंत्राटदाराने दोन नमुने आणले. एक रंगीत पत्रा आणि दुसरा इंजिनिअर्ड वुडच्या फळ्या, म्हणजे लाकडाचे पातळ काप डिंकासारख्या रसायनात घालून, दाबून केलेल्या. मुलांना फळ्या आवडल्या. "घराला पत्रा? शेड आहे का आपली?" असं म्हणून सगळे हसले. मला मात्र काही ठरवता येईना. मग आपले पूर्वज अशा वेळी काय करत, ते मी शोधायला बसले.

पहिलं उत्तर लोणावळा लोकलवरच मिळालं. मळवलीला उतरून भाजे लेण्यात जा. तिथलं बौद्ध चैत्यगृह इसवी सनापूर्वी दुसऱ्या शतकातलं. त्याच्या दर्शनी बाजूला एके काळी लाकडी काम होतं. आज त्यातलं काही उरलेलं नाही, दगडात त्याच्या खाचा आणि भोकं तेवढी दिसतात. पण आत मान वर करून पाहा, छताच्या लाकडी कमानी आजही आहेत. शेजारच्या कार्ल्यालाही तसंच. एकाच डोंगरातलं आतलं कोरडं लाकूड दोन हजार वर्षं टिकलं आणि पावसाच्या तोंडचं गेलं.

दुसरी गोष्ट आपल्या घराघरांत सांगितली जाते, ती उदयन मंत्र्यांची. प्रबंधचिंतामणीत ती आहे. राजा कुमारपाळाच्या आज्ञेने लढाईला जाताना ते शत्रुंजयावर दर्शनाला थांबले. तेव्हा तिथलं मंदिर लाकडी होतं. पूजेत असताना त्यांनी पाहिलं, एक उंदीर दिव्याची जळती वात तोंडात धरून बिळाकडे निघाला आहे. एका वातीने सारं तीर्थ जळून जाईल, हे त्यांच्या मनाला लागलं. मंदिर दगडाचं करीन, असा त्यांनी नियम घेतला. लढाईत ते गेले, पण मुलगा बाहड याने वडिलांचा शब्द पुरा केला. लहानपणी मला ही गोष्ट भक्तीची वाटायची. आता वाटतं, ती काळजीचीही आहे. बांधतानाच पुढची हानी दिसली, तर वस्तू बदलावी.

आणि आगीचं भय खोटं नव्हतं. पुण्याचा शनिवारवाडा १७३२ मध्ये उभा राहिला. त्याच्या आतल्या सागवानी इमारती १८२८ च्या आगीत गेल्या. दगडी जोती, तटबंदी आणि दरवाजे तेवढे उरले.

गंमत म्हणजे त्याच्या पुढच्याच वर्षी, १८२९ मध्ये, लंडनच्या गोदीवरच्या हेन्री पामर यांनी नालीदार लोखंडी पत्र्याचं पेटंट घेतलं. साडीला निऱ्या घातल्या की पदर ताठ राहतो, तसा पातळ पत्राही नाल्यांमुळे ताठ होतो. गंजाचा प्रश्न होता, त्यावर १८३७ मध्ये फ्रान्समध्ये सोरेल यांनी जस्ताचा लेप देण्याची रीत काढली. जस्त आधी झिजतं आणि आतलं लोखंड वाचतं. पुढे हा पत्रा आपल्याकडे आला आणि अडचणीच्या वेळी सर्वांचा झाला. १२ जुलै १९६१ ला पानशेत फुटलं, तेव्हा पुण्यात पूरग्रस्तांसाठी अर्धगोल निसन हट उभ्या राहिल्या. पुढच्याच वर्षी एमआयडीसी स्थापन झाली आणि पिंपरी, भोसरी, मग चाकणपर्यंत शेडच शेड झाले. पोटापाण्यासाठी आलेल्या कित्येकांचा संसार पत्र्याच्या खोलीत सुरू झाला. "शेड आहे का?" म्हणून हसताना आपण हे विसरतो.

फळ्यांचा इतिहास त्यामानाने लहान. अमेरिकेत अशा दाबलेल्या काप-लाकडाची आवरणं घरांना लागली, पण १९९० च्या दशकात ओलीने फुगली, कुजली, आणि प्रकरण कोर्टात गेलं. त्यानंतर सुधारलेल्या फळ्या आल्या. त्यांत मेण असतं, आणि वाळवी-बुरशी लागू नये म्हणून झिंक बोरेट. म्हणजे वाळवीसाठी विष आधीच घातलेलं. शिवाय कापलेली प्रत्येक कड रंगाने बंद ठेवावी लागते, नाहीतर पाणी तिथूनच शिरतं.

मग पत्रा निर्दोष का? मुळीच नाही. प्रतिक्रमणात आपण पंधरा कर्मादानांची नावं घेतो. पत्र्यामागे खाण आहे, म्हणजे स्फोटकर्म, आणि भट्टी आहे, म्हणजे अंगारकर्म. फळीमागे वनकर्म आहे आणि विषही. ती यादी धंद्यांची आहे, पण विकत घेणाऱ्याचे हात अगदी कोरडे राहत नाहीत. गृहस्थाची आरंभी हिंसा सुटत नाही, हे महाराजसाहेब सांगतातच. आपल्या हातात एवढंच, की एकदा झालेला आरंभ दरवर्षी पुन्हा करावा लागू नये.

या एका विचारावर मी पत्रा निवडला. फळी सुंदर होती, पण या भिंतीवर तिची दर काही वर्षांनी रंगरंगोटी आली, वाळवीची धास्ती आली आणि शेवटी फवारणीची वेळ आली असती. कोरड्या, छपराखालच्या भिंतीला मी कदाचित लाकूडच निवडलं असतं.

घालताना मात्र काही गोष्टी हट्टाने करून घेतल्या. आधी भिंतीच्या भेगा भरल्या आणि ती पूर्ण सुकू दिली. लोखंडी पाइपांची चौकट करून पत्रा भिंतीपासून दोन इंच लांब ठेवला, म्हणजे मधून हवा खेळते आणि उन्हाचा ताप थेट आत येत नाही. रंग फिकट घेतला. स्क्रूखाली रबरी वॉशर बसवले. आणि त्या फटीत चिमण्या-कबुतरं, खारी अडकून मरू नयेत म्हणून वर-खाली बारीक जाळी लावली. कामगार म्हणाला, "ताई, जाळीचं कुणी सांगत नाही." मी म्हटलं, "आमच्याकडे सांगतात."

पाऊस पडला की पत्रा वाजतो, ते खरं. पहिल्या रात्री सासूबाई दचकून उठल्या. पर्युषणात मी कपाट पुढे ओढून पाहिलं. भिंत कोरडी होती. हातात फडका होता, तो तसाच घडी करून ठेवला.