ब्रांकुशी खटला

ब्रांकुशी खटला : एखादी वस्तू कलाकृती ठरते ती कशामुळे, या प्रश्नाचा निवाडा अमेरिकेच्या सीमाशुल्क न्यायालयाला ज्यात करावा लागला तो खटला. ‘ब्रांकुशी विरुद्ध अमेरिकेची संयुक्त संस्थाने’ हे त्याचे अधिकृत नाव. सुनावणी ऑक्टोबर 1927 मध्ये सुरू झाली आणि निकाल 26 नोव्हेंबर 1928 रोजी लागला. रूमानियात जन्मलेला आणि पॅरिसमध्ये स्थायिक झालेला शिल्पकार कॉन्स्टंटिन ब्रांकुशी (1876–1957) याचे ‘अवकाशातील पक्षी’ हे ब्राँझचे शिल्प हा वादाचा विषय. दाव्यातली रक्कम किरकोळ होती. तत्त्वज्ञांनी शतकानुशतके घोळवलेला प्रश्न मात्र इथे जकातीच्या टेबलावर येऊन पडला, आणि ‘हो’ किंवा ‘नाही’ यांपैकी एक उत्तर देणे न्यायालयाला भाग होते. कलेच्या व्याख्येची चर्चा कुठून सुरू करावी असे कुणी विचारले, तर सौंदर्यशास्त्राच्या ग्रंथांआधी या खटल्यातल्या साक्षी वाचाव्यात.

शिल्पाची उंची सुमारे साडेचार फूट. तळाशी थोडा पसरट पाय, त्यावर मनगटाएवढीही वाटणार नाही अशी बारीक मान. तिथून आकार हळूहळू भरत जातो, पुन्हा निमुळता होतो आणि टोकाला तिरका छेद देऊन थांबतो. पंख नाहीत, पिसे नाहीत, चोच नाही, डोळा नाही. ब्राँझला इतकी झिलई दिलेली, की खोलीतला उजेड त्यावरून वर सरकत गेल्यासारखा दिसतो आणि कडा नेमकी कुठे संपते ते डोळ्याला ठरवता येत नाही. हे रूप एका दिवसात आलेले नाही. 1910 च्या सुमारास ब्रांकुशीने रूमानियन लोककथांतल्या ‘मायास्त्रा’ या जादूच्या पक्ष्याचे शिल्प केले. त्याला मान आहे, चोच आहे, फुगीर छाती आहे. पुढच्या शिल्पांत एकेक अवयव गळत गेला. 1923 पासून ‘अवकाशातील पक्षी’ ही मालिका सुरू झाली आणि पुढे सुमारे दोन दशके संगमरवर आणि ब्राँझ या दोन्ही माध्यमांत चालली. ब्रांकुशीला पक्ष्याचे शरीर नको होते, त्याचे उड्डाण हवे होते. पक्ष्यातून पक्षी वजा करत गेले तर काय उरते, याचा शोध म्हणून ही मालिका पाहिली तर प्रत्येक शिल्पातली वक्ररेषा आधीच्यापेक्षा किंचित का बदलली आहे, ते ध्यानात येते.

ऑक्टोबर 1926 मध्ये ‘पॅरिस’ नावाच्या बोटीने ब्रांकुशीची सुमारे 20 शिल्पे न्यूयॉर्कला पोहोचली. ब्रमर गॅलरीत त्यांचे प्रदर्शन भरायचे होते आणि शिल्पांसोबत मार्सेल द्यूशाँ हा चित्रकार आला होता. 1922 च्या अमेरिकी जकात कायद्यानुसार मूळ शिल्पांवर कर नव्हता. धातूच्या तयार वस्तूंवर मात्र 40 टक्के होता. पेट्या उघडल्यावर अधिकाऱ्यांना शिल्प दिसेना. त्यांनी या वस्तू स्वयंपाकघरातली भांडी आणि रुग्णालयाचे साहित्य या वर्गात घातल्या. प्रदर्शनापुरती त्यांना हमीवर सोडवणूक मिळाली, पण पुढे वरिष्ठांनीही वर्गीकरण कायम ठेवले. वादातला पक्षी छायाचित्रकार एडवर्ड स्टायकेन याने विकत घेतलेला होता आणि त्यावर 200 हून अधिक डॉलर कर लागला. तो भरून मोकळे होता आले असते. पण शिल्पकार आणि संग्राहक गर्ट्रूड व्हँडरबिल्ट व्हिटनी हिने वकिलांचा खर्च उचलला आणि प्रकरण न्यायालयात गेले.

कायद्याच्या दृष्टीने ब्रांकुशीच्या बाजूला चार गोष्टी सिद्ध करायच्या होत्या : निर्माता व्यावसायिक शिल्पकार आहे, वस्तू मूळ आहे (म्हणजे कारखान्यात निघालेल्या अनेकांपैकी एक नाही), तिचा व्यवहारात काही उपयोग नाही, आणि ती शिल्प आहे. पहिल्या तिन्हींचा निकाल लावणे तुलनेने सोपे होते. पॅरिसमध्ये नोंदवलेल्या जबाबात ब्रांकुशीने ओतकामानंतर कानस आणि पॉलिशचे काम आपण स्वतःच्या हातांनी कसे केले ते सांगितले. अडचण चौथ्या मुद्द्यावर होती, कारण त्यावर 1916 चा ऑलिव्होटी खटल्याचा निवाडा उभा होता. शिल्प म्हणजे निसर्गातल्या वस्तूंची, मुख्यतः मानवी आकृतीची, प्रमाणबद्ध प्रतिकृती, असे त्यात म्हटले होते. या मापाने ब्रांकुशीचा पक्षी तिथल्या तिथे बाद होत होता.

साक्षी-उलटतपासणीत सगळा भर सादृश्यावर राहिला. याला पक्षी का म्हणता, असे स्टायकेनला विचारण्यात आले. तो पक्ष्यासारखा दिसत नाही हे त्याने मान्य केले. कलावंताने त्याला पक्षी म्हटले आहे आणि आपल्याला तो पक्षी असल्याचे जाणवते, असे तो म्हणाला. जंगलात दिसला तर यावर बंदूक रोखाल का, असा प्रश्न न्यायासनाकडून आला. उत्तर अर्थातच नकारार्थी होते. शिल्पकार जेकब एप्स्टाइन याने प्राचीन इजिप्तमधला दगडी ससाणा न्यायालयात सादर केला. त्यातही पिसे कोरलेली नव्हती, तरी त्याला शिल्प म्हणायला कुणाची हरकत नव्हती. ‘नवी’ म्हणून जिची हेटाळणी होत होती त्या भाषेचे गोत्र हजारो वर्षे मागे जाते, हे या एका दगडाने जितके पटले तितके कुठल्याही युक्तिवादाने पटले नसते.

त्यानंतरचा प्रश्न साऱ्या खटल्याच्या गाभ्याला हात घालणारा होता. एखादा चांगला कारागीर धातूची दांडी घासूनपुसून असा आकार काढू शकणार नाही का? एप्स्टाइनचे उत्तर असे, की कारागीर याला झिलई देऊ शकेल, पण हा आकार त्याच्या मनात येणार नाही. मुद्दा तोच आहे. हाताचे कौशल्य आणि आकाराची कल्पना या दोन गोष्टी एरवी इतक्या चिकटून असतात, की त्यांतला सांधा दिसत नाही. तो इथे उघडा पडला. प्रस्तुत नोंदीच्या मते खटल्यातले सर्वांत खोल विधान हेच. निकालपत्राने मात्र दुसरी वाट धरली.

ब्रुकलिन संग्रहालयाचे संचालक विल्यम हेन्री फॉक्स, संपादक फ्रँक क्राउनिनशील्ड, समीक्षक हेन्री मॅकब्राइड हेही ब्रांकुशीच्या बाजूने बोलले. सरकारतर्फे रॉबर्ट एटकेन आणि टॉमस जोन्स हे दोन शिल्पकार उभे राहिले. दोघेही आपल्या पेशात मान्यता पावलेले. त्यांच्या साक्षी टाकाऊ समजण्याची चूक पुढच्या अनेक लेखकांनी केली आहे. शरीररचनेचा अभ्यास करून, वर्षानुवर्षे माती हाताळून ज्याने शिल्प शिकले, त्याला हा आकार फार अमूर्त वाटणे, शिल्पकलेचा गैरवापर वाटणे यात कोतेपणा नव्हता. आपल्या विद्येविषयीची निष्ठा होती.

निकालपत्र न्यायमूर्ती वेट यांनी लिहिले. मधल्या काळात कलेचा एक नवा संप्रदाय निर्माण झाला आहे आणि तो निसर्गातल्या वस्तूंची नक्कल करण्याऐवजी अमूर्त कल्पना साकार करू पाहतो. आपल्याला तो रुचो वा न रुचो, त्याचे अस्तित्व आणि कलाजगतावरचा त्याचा परिणाम यांची दखल घेतली पाहिजे, अशी भूमिका न्यायालयाने घेतली. हा आकार पक्ष्याशी जोडणे अवघड आहे, हेही निकालात प्रांजळपणे म्हटले आहे. तरीही तो सुडौल आहे, पाहायला आनंददायक आहे, शोभिवंत आहे, व्यावसायिक शिल्पकाराची मूळ निर्मिती आहे. म्हणून तो कलाकृती आणि म्हणून करमुक्त. ऑलिव्होटीचे माप मोडीत निघाले.

या निकालाचा गौरव पुष्कळ होतो आणि तो योग्यच आहे. आपल्या आवडीला बाजूला ठेवून न्यायाधीशाने निर्णय देणे ही साधी गोष्ट नव्हे. पण सादृश्याची अट काढताना त्याने सौंदर्याची अट तशीच ठेवली, आणि तिथे एक नवी अडचण आधीच वाट पाहत होती. पक्ष्याला बोटीतून आणणाऱ्या द्यूशाँनेच 1917 मध्ये पुरुषांच्या मुतारीतले चिनीमातीचे एक भांडे उताणे करून, त्यावर ‘आर. मट’ अशी सही करून, ‘फाउंटन’ या नावाने न्यूयॉर्कच्या प्रदर्शनाला पाठवले होते. परीक्षक मंडळ नसलेल्या त्या प्रदर्शनातही ते मांडले गेले नाही. वेट यांच्या कसोट्या त्याला लावून पाहिल्या तर ते एकाही कसोटीला उतरत नाही : घडवले कारखान्याने, सारखी भांडी अनेक, उपयोग उघड, आणि शोभा हा हेतूच नाही. एप्स्टाइनचे विधान मात्र इथेही लागू पडते. भांडे घडवणाऱ्या कारागिराच्या मनात ‘फाउंटन’ आले नव्हते.

जकातीच्या टेबलावर हा प्रश्न पुन्हा पुन्हा येत राहिला. 1964 मध्ये अँडी वॉरहोल याने साबणाच्या ‘ब्रिलो’ खोक्यांच्या लाकडी प्रतिकृती न्यूयॉर्कच्या स्टेबल गॅलरीत रचून ठेवल्या. पुढच्या वर्षी ती खोकी टोरांटोच्या एका दालनाने मागवली, तेव्हा कॅनडाच्या राष्ट्रीय कलासंग्रहालयाचे संचालक चार्ल्स कम्फर्ट यांनी त्यांना शिल्प मानायला नकार दिला आणि त्यांवर मालाचा कर लागला. इकडे अमेरिकी तत्त्वज्ञ आर्थर डँटो याने त्याच खोक्यांपुढे उभे राहून 1964 मध्येच ‘द आर्टवर्ल्ड’ हा निबंध लिहिला. दुकानातले खोके आणि वॉरहोलचे खोके डोळ्यांना सारखेच दिसत असतील, तर त्यांतला फरक डोळ्यांनी सापडणार नाही. वस्तूभोवती असलेल्या कलाविचाराच्या आणि कलेतिहासाच्या वातावरणात तो शोधावा लागेल, असे त्याने मांडले. यापुढे जाऊन तत्त्वज्ञ जॉर्ज डिकी याने कलाव्यवहारातल्या संस्थांनी आणि माणसांनी दिलेला दर्जा हाच निकष धरला. डिकीच्या मताने वेट यांच्या न्यायालयातले साक्षीदार कलाकृती ओळखत नव्हते, ते ती ठरवत होते. हे मत सोयीचे आहे, पण त्यातून एटकेन आणि फॉक्स यांच्या मतभेदाला अर्थच उरत नाही. दोघेही त्याच जगाचे प्रतिनिधी होते.

दर्जा देणाऱ्यांवर प्रश्न सोपवला की काय होते, याचे उदाहरण युरोपातले आहे. लंडनच्या एका कलादालनाने 2006 मध्ये डॅन फ्लेव्हिन याच्या प्रकाशनळ्यांच्या आणि बिल व्हायोला याच्या व्हिडिओ मांडणीच्या कलाकृती मागवल्या. ब्रिटिश न्यायाधिकरणाने 2008 मध्ये त्यांना शिल्प मानले. 2010 मध्ये युरोपीय आयोगाने नियम काढून फ्लेव्हिनच्या मांडणीला दिव्यांचे साहित्य ठरवले. कलाकृती असलीच तर ती त्या नळ्यांतून पडणाऱ्या प्रकाशात आहे, नळ्यांत नाही, असा त्यामागचा तर्क. तर्क चुकीचा आहे, पण मूर्खपणाचा नाही : कलाकृती म्हणजे समोरची वस्तू की तिच्यामुळे घडणारा अनुभव, हा वाद त्यात नेमका पकडला आहे.

मराठी सौंदर्यविचारात हा वाद स्वतंत्रपणे झालेला आहे. बा. सी. मर्ढेकरांनी ‘सौंदर्य आणि साहित्य’ (1955) मध्ये कलाकृतीचे कलापण संवाद, विरोध आणि समतोल या लयतत्त्वांनी बांधलेल्या रचनेत पाहिले. ब्रांकुशीच्या पक्ष्याला ही दृष्टी सहज लागू पडते. बारीक मान आणि भरलेला देह यांतला विरोध आणि तिरक्या छेदावर तोललेला शेवट तिला बरोबर दिसतो. ब्रिलोच्या खोक्यापुढे तिला बोलण्यासारखे थोडेच उरते. रा. भा. पाटणकरांच्या ‘सौंदर्यमीमांसा’ (1974) या ग्रंथाची मांडणी अधिक टिकाऊ आहे. कला ही एकाच गुणधर्मात पकडता येणारी संकल्पना नाही. कलाकृतींमध्ये, व्हिट्‌गेन्श्टाइनच्या शब्दांत, कुलसाम्य असते, आणि कलेविषयीच्या आपल्या विचाराला लौकिक जीवनाशी असलेले नाते आणि त्यापासूनची स्वायत्तता असे दोन ध्रुव असतात. एका कुटुंबातल्या सगळ्यांचे नाक सारखे नसते. कुणाची चाल आजोबांची, कुणाचा आवाज आत्याचा. एप्स्टाइनने दगडी ससाणा पुढे केला तेव्हा त्याने व्याख्या दिली नाही, नातेवाईक दाखवला.

मुंबईतही कस्टमच्या कचेरीत या प्रश्नाचा सख्खा भाऊ येऊन गेला. फ्रान्सिस न्यूटन सूझा आणि अकबर पदमसी यांची परदेशातून आणलेली सात चित्रे अश्लील ठरवून रोखून धरण्यात आली होती. मुंबई उच्च न्यायालयाने ऑक्टोबर 2024 मध्ये तो आदेश रद्द केला. प्रत्येक नग्नचित्र अश्लील नसते आणि तज्ज्ञांच्या अभिप्रायांकडे डोळेझाक करून असा निर्णय घेता येत नाही, असे न्यायालयाने म्हटले. जाणकारांची साक्ष ऐकून घेण्याचे हे बंधन 1928 च्या निकालाच्या जातकुळीचे आहे.

ब्रांकुशीच्या पक्ष्यांचा भारताशी थेट संबंध इंदूरच्या होळकरांमुळे आला. यशवंतराव होळकर (दुसरे) यांनी 1930 च्या दशकात ‘अवकाशातील पक्षी’ मालिकेतली तीन शिल्पे घेतली : एक ब्राँझचे, एक काळ्या आणि एक पांढऱ्या संगमरवराचे. या शिल्पांसाठी इंदुरात एक ध्यानमंदिर बांधायचे ठरले. आत पाण्याचे कुंड, त्याभोवती पक्षी आणि छतातल्या झरोक्यातून येणारे ऊन, अशी कल्पना होती. 1937 मध्ये महाराणी संयोगिताबाईंचे निधन झाले. त्यानंतर थोड्याच काळाने, 1938 च्या आरंभी, ब्रांकुशी मंदिराच्या कामासाठी इंदुरात राहून गेला, पण बांधकाम सुरूच झाले नाही. ब्राँझचा पक्षी आज कॅलिफोर्नियात पॅसाडिना येथील नॉर्टन सायमन संग्रहालयात आहे. काळा आणि पांढरा हे दोघे 1973 मध्ये ऑस्ट्रेलियाच्या राष्ट्रीय कलासंग्रहालयाने घेतले आणि ते कॅनबेऱ्यात आहेत.