सारायेव्होची गोळी, हिंगोलीची छावणी: परभणी जिल्हा पहिल्या महायुद्धात कसा ओढला गेला

पहिल्या महायुद्धाचे कारण विचारले की आपल्या डोळ्यांसमोर एकच दृश्य येते: २८ जून १९१४ चे सारायेव्हो, उघडी मोटार आणि गाव्रिलो प्रिन्सिपचे पिस्तूल. पुढच्या तारखाही पाठ असतात. २८ जुलैला ऑस्ट्रिया-हंगेरीने सर्बियाशी युद्ध पुकारले. १ ऑगस्टला जर्मनीने रशियाशी, ३ ऑगस्टला फ्रान्सशी. ४ ऑगस्टला ब्रिटन उतरले. हे सारे खरे आहे. पण एवढ्याने युरोपातील युद्धाचा उलगडा होतो. ते युद्ध परभणीपर्यंत कोणत्या वाटेने आले, हे या थ्रेडमध्ये पाहू.

परभणी जिल्हा तेव्हा ब्रिटिश हिंदुस्थानात नव्हताच. निजामाच्या हैदराबाद संस्थानातील औरंगाबाद सुभ्यात तो मोडत असे. आजचा हिंगोली जिल्हाही त्यातच होता. तो वेगळा झाला १ मे १९९९ रोजी. उत्तरेला पैनगंगा आणि तिच्यापलीकडे इंग्रजांच्या कारभाराखालचे वऱ्हाड. इथल्या कुणब्याचे सर्बियाशी वैर नव्हते आणि बेल्जियमशी सख्यही नव्हते. मग हा मुलूख युद्धात कोणत्या न्यायाने गेला?

ब्रिटनने युद्धात उतरताना पुढे केले ते एका जुन्या कराराचे कारण. बेल्जियमच्या तटस्थतेची हमी बड्या सत्तांनी १८३९ च्या लंडन करारात दिली होती आणि जर्मन फौजा त्याच बेल्जियममध्ये शिरल्या होत्या. एका जुन्या कागदाच्या कपट्यासाठी ब्रिटन लढते आहे, याचे जर्मन चान्सेलर बेथमान-होल्वेग यांना नवल वाटले. अर्थात ब्रिटनला बेल्जियमच्या प्रेमापेक्षा इंग्लिश खाडीपलीकडच्या किनाऱ्याची आणि जर्मन आरमाराची काळजी अधिक होती. पण कागद हाताशी होता आणि तो कामी आला.

परभणीला युद्धात नेणारा कागद याहूनही जुना आहे. त्याची तारीख १२ ऑक्टोबर १८००.

तो समजण्यासाठी आणखी पाच वर्षे मागे, खर्ड्याला जावे लागते. १७९५ ची खर्ड्याची लढाई आपण मराठ्यांचा शेवटचा मोठा विजय म्हणून वाचतो आणि तिथेच पान उलटतो. निजामाच्या दरबारात तिचा अर्थ निराळा लावला गेला. त्या वेळी गव्हर्नर जनरल सर जॉन शोअर तटस्थ राहिला, कंपनीची मदत आली नाही आणि निजाम एकटा पडला. पुन्हा असे होऊ नये म्हणून निजाम अली खानाने १७९८ मध्ये आणि मग १८०० मध्ये कंपनीशी तैनाती फौजेचे करार केले. आपल्या विजयाने शेजारी कोणाच्या छत्राखाली ढकलला गेला, हा प्रश्न खर्ड्याच्या गौरवगाथांत क्वचितच येतो.

१८०० च्या करारातील दोन कलमे आपल्या कामाची आहेत. पहिले असे, की कंपनीला सांगितल्यावाचून निजामाने अन्य कोणत्याही सत्तेशी वाटाघाटी करू नयेत. म्हणजे हैदराबादचे परराष्ट्र धोरण त्या दिवशी संपले. दुसरे असे, की युद्धप्रसंगी निजामाने स्वतःचे ६,००० पायदळ आणि ९,००० घोडदळ कंपनीच्या मदतीस द्यावे. परराष्ट्र धोरण नाही, पण युद्धाचे कर्तव्य मात्र आहे! १९१४ च्या ऑगस्टमध्ये हैदराबादेत कोणी 'युद्धात जावे का?' असे विचारले असते, तरी तो प्रश्न एकशे चौदा वर्षे उशिरा विचारला गेला असता.

निजामाचे घोडदळ युद्धात फारसे उपयोगाचे नाही, अशी इंग्रजांची तक्रार लवकरच सुरू झाली. मग रेसिडेंट हेन्री रसेल याच्या काळात इंग्रज अधिकाऱ्यांच्या हाताखाली, पण निजामाच्या पैशाने, एक वेगळी फौज उभी राहिली. तीच पुढे 'हैदराबाद कंटिंजंट' म्हणून ओळखली गेली. तिच्या छावण्यांपैकी एक हिंगोलीला होती. हुकूम रेसिडेंटचा आणि पगार निजामाचा, अशा या फौजेची थकबाकी वाढतच गेली. अखेर १८५३ मध्ये डलहौसीच्या दडपणाखाली निजाम नासिरुद्दौला याला तिच्या खर्चासाठी वऱ्हाड इंग्रजांच्या हवाली करावे लागले. सार्वभौमत्व निजामाचे, कारभार आणि वसूल इंग्रजांचा. पैनगंगा ही त्या दिवसापासून परभणीच्या माणसासाठी दोन राजवटींची सीमा झाली. (जाता जाता: त्याच १८५३ मध्ये क्रिमियाचे युद्ध पेटले आणि पुढच्या वर्षी ब्रिटन तुर्कांच्या बाजूने रशियाशी लढू लागले. हे लक्षात ठेवा, पुढे लागेल.)

१९०२ मध्ये लॉर्ड कर्झनने हा व्यवहार पक्का केला. वऱ्हाड कायमच्या पट्ट्याने इंग्रजांकडे आणि निजामाला वर्षाकाठी २५ लाख रुपये. कंटिंजंट ही वेगळी फौज म्हणून उरली नाही. तिच्या पलटणी हिंदुस्थानच्या सैन्यात सामील झाल्या, त्यांना नवे क्रमांक मिळाले आणि १९०३ मध्ये हिंगोलीची छावणी उठली.

छावणी उठली तरी पलटणी राहिल्या. कंटिंजंटच्या घोडदळातून झालेले २० वे डेक्कन हॉर्स फ्रान्सला गेले आणि १४ जुलै १९१६ रोजी सोमच्या रणात हाय वुडजवळ भाले सरसावून धावले. कंटिंजंटच्या पायदळातून झालेली ९८ वी पलटण ऑक्टोबर १९१४ मध्ये मुंबईहून जहाजाने निघाली आणि जर्मन पूर्व आफ्रिकेतील टांगा बंदरात उतरली. ४ नोव्हेंबरला तिथे इंग्रजांचा जो पराभव झाला, त्यात जर्मन सेनानी लेटो-फोरबेकच्या गोळ्यांबरोबर मधमाश्यांचाही वाटा होता. गोळीबाराने चवताळलेल्या मधमाश्या ९८ व्या पलटणीवर तुटून पडल्या आणि तिची दाणादाण उडाली. रसेल, डलहौसी, कर्झन अशी ही कागदांची साखळी. तिचे एक टोक हिंगोलीच्या माळावर होते आणि दुसरे आफ्रिकेच्या किनाऱ्यावर.

टांगाच्या दुसऱ्याच दिवशी, ५ नोव्हेंबर १९१४ रोजी, ब्रिटनने तुर्कस्तानशी युद्ध पुकारले. आणि इथून परभणीच्या दृष्टीने खरी कठीण गोष्ट सुरू होते.

तुर्कस्तान युद्धात का आले? उस्मानी साम्राज्याला सर्वांत मोठी भीती रशियाची होती. काळ्या समुद्रातून बाहेर पडण्याची वाट तुर्कांच्या हाती होती आणि रशियाचा तिच्यावर डोळा होता. क्रिमियात ब्रिटन तुर्कांच्या पाठीशी उभे राहिले ते याचसाठी. पण १९०७ मध्ये ब्रिटन आणि रशिया यांनी आपसांतील आशियाई तंटे मिटवले, तेव्हा तुर्कांचा जुना आधार गेला. बाल्कन युद्धांत, १९१२-१३ मध्ये, युरोपातील जवळजवळ सारा मुलूखही गेला. एकाकी सत्तेला मित्र हवा असतो. (खर्ड्यानंतरच्या निजामाची आठवण इथे व्हावी.) २ ऑगस्ट १९१४ रोजी तुर्कस्तानने जर्मनीशी गुप्त करार केला.

त्याच दिवसांत विन्स्टन चर्चिलने तेल ओतले. तुर्कस्तानसाठी ब्रिटिश गोद्यांत दोन युद्धनौका बांधून होत आल्या होत्या: 'सुलतान उस्मान' आणि 'रशादिये'. त्यांसाठी तुर्की जनतेने वर्गणी जमवली होती. आरमारमंत्री चर्चिलने त्या ताब्यात घेतल्या. इस्तंबूलमध्ये संतापाची लाट उसळली, आणि १० ऑगस्टला 'गोबेन' आणि 'ब्रेस्लाऊ' या जर्मन युद्धनौका दार्दानेल्समध्ये आश्रयाला आल्या तेव्हा जर्मनीने त्या तुर्कस्तानला विकल्याचे जाहीर केले. खलाशी जर्मन, सेनापती सूशोन जर्मन, डोक्यावर मात्र तुर्की टोप्या. २९ ऑक्टोबरला याच ताफ्याने सेव्हास्तोपोल आणि ओडेसा या रशियन बंदरांवर तोफा डागल्या. रशियाने २ नोव्हेंबरला युद्ध जाहीर केले, ब्रिटन आणि फ्रान्सने ५ नोव्हेंबरला. युद्धमंत्री अन्वर पाशाला हे हवेच होते. मंत्रिमंडळातील अनेकांना नको होते. पण तोफ उडाल्यावर मते मोजली जात नाहीत.

तुर्कस्तानचा सुलतान हा सुन्नी मुसलमानांचा खलिफाही होता. १४ नोव्हेंबरला इस्तंबूलमध्ये जिहादचा पुकार झाला. त्यामागे बर्लिनचाही हात होता: ब्रिटन, फ्रान्स आणि रशिया यांच्या अमलाखालील मुसलमान उठले तर सैन्याचे काम सोपे होईल, असा हिशेब. हा हिशेब अगदीच पोकळ नव्हता. बाल्कन युद्धांच्या वेळी हिंदुस्थानातील मुसलमानांनी तुर्कांसाठी निधी उभारला होता, आणि डॉ. मुख्तार अहमद अन्सारी वैद्यकीय पथक घेऊन तिकडे गेले होते.

इंग्रजांना त्यामुळे हैदराबादकडून पलटणींइतकीच दुसरी एक गोष्ट हवी होती: शब्द. हिंदुस्थानातील सर्वांत मोठ्या मुसलमान संस्थानाचा अधिपती खलिफाच्या विरोधातील युद्धात इंग्रजांच्या बाजूने बोलला, तर फतव्याची धार बोथट होणार होती. मीर उस्मान अली खान १९११ मध्ये गादीवर आला होता आणि तेव्हा अठ्ठावीस वर्षांचा होता. नोव्हेंबर १९१४ मध्ये त्याने जाहीरनामा काढला. आशय असा, की हिंदुस्थानच्या मुसलमानांनी ब्रिटिश सरकारवरील आपली जुनी निष्ठा ढळू देऊ नये. आगाखान आणि भोपाळच्या बेगम यांनीही तशीच भूमिका घेतली. अरबस्तानातील पवित्र स्थळांना धक्का लावणार नाही, असे आश्वासन सरकारने त्याच सुमारास दिले होते, त्याचाही उपयोग झाला.

या जाहीरनाम्याला नुसती लाचारी म्हणणे सोपे आहे. मला ते पुरेसे वाटत नाही. १८०० च्या कराराने निजामाकडून परराष्ट्र धोरण काढून घेतले होते. १९१४ मध्ये इंग्रजांनी स्वतःच्या गरजेपोटी त्याला काही दिवसांपुरते एका जागतिक प्रश्नावर बोलायला लावले. ज्याला शतकभर बोलू दिले नाही, त्याच्या शब्दाला अचानक किंमत आली. त्या किमतीच्या बदल्यात काय मिळेल, हा विचार त्याच्या मनात आला नसेल असे मानणे कठीण आहे.

पुढची चार वर्षे हैदराबादने हात आखडता घेतला नाही. संस्थानचे लान्सर्स इजिप्तला गेले आणि सुवेझ कालव्याच्या बचावासाठी खलिफाच्याच सैन्यासमोर उभे राहिले. नंतर ते पॅलेस्टाइनमध्येही होते. ब्रिटिश विमानदलाच्या ११० व्या स्क्वाड्रनची पहिली विमाने निजामाच्या देणगीतून आली आणि त्या स्क्वाड्रनला हैदराबादचे नाव मिळाले. संस्थानच्या उत्पन्नाचा मोठा आधार शेतसारा होता, एवढे परभणीच्या वाचकाने ध्यानात ठेवावे. १९१८ मध्ये निजामाला 'हिज एक्झॉल्टेड हायनेस' हा किताब मिळाला. ब्रिटिश सरकारचा 'विश्वासू दोस्त' असेही त्याला म्हटले जाऊ लागले.

त्याला हवे होते वऱ्हाड. १९२३ मध्ये त्याने ते परत मागितले. १९०२ चा पट्टा अन्यायाचा होता आणि अंतर्गत बाबतीत हैदराबाद ब्रिटिश सरकारच्या बरोबरीचे आहे, अशी त्याची भूमिका होती. व्हाइसरॉय लॉर्ड रीडिंगचे उत्तर आले २७ मार्च १९२६ रोजी. हिंदुस्थानात ब्रिटिश राजमुकुटाची सत्ता सर्वोच्च आहे आणि कोणताही संस्थानिक तिच्याशी बरोबरीच्या नात्याने वाटाघाटी करू शकत नाही, असे त्यात रोखठोक सांगितले होते. 'दोस्त' हा शब्द किताबापुरता होता.

खिलाफतीचेही तेच झाले. युद्धात हरलेल्या तुर्कस्तानवर १९२० मध्ये सेव्रचा तह लादला गेला. मुस्तफा कमालने तो झुगारला, पण ३ मार्च १९२४ रोजी त्याच्याच प्रजासत्ताकाने खलिफापद रद्द केले. अखेरचा खलिफा अब्दुलमजीद फ्रान्समध्ये निर्वासित झाला आणि त्याला महिन्याचे वेतन बांधून दिले ते याच उस्मान अली खानाने. १९३१ मध्ये फ्रान्समधील नीस येथे खलिफाची मुलगी दुर्रुशेहवार हिचा विवाह निजामाचा थोरला मुलगा आझम जाह याच्याशी झाला.

१९३६ मध्ये वऱ्हाडबाबत नवा करार झाला. त्यात निजामाचे सार्वभौमत्व कागदावर मान्य झाले, कारभार इंग्रजांकडेच राहिला, आणि निजामाच्या वारसाला 'प्रिन्स ऑफ बेरार', म्हणजे वऱ्हाडचा युवराज, अशी पदवी मिळाली. खलिफाचा जावई वऱ्हाडचा युवराज झाला तेव्हा खिलाफत उरली नव्हती. पैनगंगेपलीकडच्या मुलखातला शेतसारा पूर्वीप्रमाणेच इंग्रजी अमलातील कचेऱ्यांत भरला जात होता.