मूक पडद्यावरची भूक

जपानी चित्रपट म्हटला की आपल्याकडे बहुतेकांना दिग्दर्शक कुरोसावांचे सामुराई आठवतात. त्या वाटेने इथवर आलेल्या वाचकांचे स्वागतच आहे. पण त्या सामुराईंच्या बऱ्याच आधी, टोकियोत शोचिकू कंपनीच्या कामाता स्टुडिओत हातावर पोट असणाऱ्यांच्या घरसंसाराचे मूकपट तयार होत होते. त्या काळातले बरेचसे मूकपट आज नष्ट झाले आहेत. जे उरले, त्यांत यासुजिरो ओझू यांचा १९३५ सालचा 'टोकियो नो यादो', म्हणजे टोकियोतला मुक्काम, मला पहिल्या भेटीसाठी सर्वांत योग्य वाटतो.

जपानमध्ये बोलपट १९३१ मध्येच यशस्वी झाला होता. तरीही मूकपट पुढे काही वर्षे तग धरून राहिला, याचे एक मोठे कारण म्हणजे 'बेन्शी'. पडद्याशेजारून कथा सांगणाऱ्या, सर्व पात्रांचे संवाद स्वतःच म्हणणाऱ्या या कलावंतांवर प्रेक्षकांचा फार जीव होता. ओझूंच्या या चित्रपटाला ध्वनिमुद्रित संगीत आहे, संवाद मात्र पाट्यांवरच वाचायचे.

मंदीचा काळ आहे. किहाची हा बेकार कामगार दोन मुलांना घेऊन कामाच्या शोधात एकेका कारखान्याचे दार गाठतो. मुले भटकी कुत्री पकडून देतात. त्या बक्षिसाच्या पैशांत एक तर जेवण, नाही तर रात्रीचा निवारा. अशातच उघड्या माळावर बाप-लेक खोटेखोटे जेवायला बसतात. मुलगा नसलेल्या बाटलीतून नसलेली साके ओततो आणि बाप ती चवीने पितो. इथे संवाद ऐकू आले असते, तर बापाला कदाचित मुलांची समजूत घालावी लागली असती. इथे मुलगाच यजमान होतो, आणि बापाचा मान राहतो. भुकेचे इतके हळुवार चित्रण मी क्वचितच पाहिले आहे. बेकारीतल्या बाप-लेकाचीच गोष्ट सांगणारा 'बायसिकल थीव्ज' हा चित्रपट यायला तेव्हा तेरा वर्षे अवकाश होता.

वाचकांनी पूर्वार्धात घाई करू नये. तेच माळ, तीच पायपीट पुन्हा पुन्हा दिसेल. तुम्ही किहाची साकारणाऱ्या ताकेशी साकामोतोंच्या चालीकडे लक्ष ठेवा, दिवसागणिक ती कशी जड होते ते पाहा. कथेचा शेवट मी मुद्दाम सांगत नाही. हा चित्रपट मनात रुजला, तर ओझूंचाच १९३३ सालचा 'देकिगोकोरो' पाहा: तिथेही साकामोतोच किहाची आहेत, पण हाताला काम आहे आणि घरात हसू आहे.