नटीची लेखणी : एका विलंबित स्थित्यंतराचा विचार

मराठी नटी चित्रपटाची निर्माती झाली ती बोलपटाच्या पहिल्या दशकातच. ती पटकथालेखिका झाली ती त्यानंतर जवळजवळ अर्धशतकाने. या दोन घटनांमधील अंतर चित्रपटाच्या इतिहासकारांनी फारसे मनावर घेतलेले नाही. नटीने अभिनयाकडून निर्मितीकडे व लेखनाकडे वळणे हा एकच प्रवास आहे असे गृहीत धरले जाते आणि मग त्याचे टप्पे वेगळे पाहण्याची गरज उरत नाही. वस्तुतः पैसा घालण्याचा अधिकार आणि शब्द घालण्याचा अधिकार हे दोन निराळे अधिकार होत. पहिला अधिकार नटीला मिळू शकला तरी दुसरा इतका उशिरा का मिळाला, हा येथील विचाराचा विषय आहे.

त्या काळच्या नट्या शिकलेल्या नव्हत्या, हे याचे एक सोपे उत्तर सांगितले जाते. ते टिकण्यासारखे नाही. दुर्गा खोटे (१९०५–१९९१) यांचे शिक्षण मुंबईच्या कॅथीड्रल शाळेत व सेंट झेविअर्स महाविद्यालयात झाले होते. 'फरेबी जाल' (१९३१) मधील लहानशा भूमिकेनंतर प्रभात फिल्म कंपनीच्या 'अयोध्येचा राजा' (१९३२) या चित्रपटातील तारामतीमुळे त्यांचे नाव घरोघर गेले. सुशिक्षित, प्रतिष्ठित घराण्यातील स्त्री पडद्यावर आली याचे त्या वेळी केवढे तरी अप्रूप वाटले. पण इतिहासाच्या दृष्टीने त्याहून महत्त्वाची गोष्ट दुसरीच आहे. नटनट्या मासिक वेतनावर एकाच कंपनीला बांधलेल्या असत त्या काळात दुर्गाबाई कोणत्याही एका कंपनीच्या झाल्या नाहीत. कलकत्त्यास जाऊन त्यांनी 'राजरानी मीरा' (१९३३) व 'सीता' (१९३४) केले आणि पुन्हा प्रभातमध्ये येऊन 'अमर ज्योती' (१९३६) मधील सौदामिनी उभी केली. आपल्या कामाचा भाव आपण ठरविण्याची ही सवयच त्यांना निर्मितीकडे घेऊन गेली असे दिसते. १९३७-३८ च्या सुमारास 'सवंगडी' व त्याची हिंदी आवृत्ती 'साथी' यांच्या निर्मितीची जबाबदारी त्यांनी उचलली. त्याच काळात ललिता पवार यांनीही 'दुनिया क्या है' हा बोलपट काढला. त्यापूर्वी 'कैलास' (१९३२) या मूकपटाच्या निर्मितीतही त्यांचा वाटा होता. पुढे शोभना समर्थ यांनी 'हमारी बेटी' (१९५०) निर्माण व दिग्दर्शित करून आपल्या कन्येस, नूतन यांस, पडद्यावर आणले.

या तिन्ही उदाहरणांत निर्माती झालेली नटी कथा-संवादांच्या खात्यात मात्र शिरलेली आढळत नाही. याचे कारण त्या काळच्या लेखनव्यवस्थेत शोधावे लागते. मराठी बोलपटाने आपली प्रतिष्ठा साहित्याकडून उसनी घेतली. वि. स. खांडेकर यांनी 'छाया' (१९३६) लिहिला, आचार्य अत्रे यांनी 'ब्रह्मचारी' (१९३८) लिहिला, ना. ह. आपटे यांच्या 'न पटणारी गोष्ट' या कादंबरीवरून 'कुंकू' (१९३७) निघाला. चित्रपटाचा लेखक म्हणजे आधीच नावारूपास आलेला साहित्यिक, हे समीकरण दृढ झाले. त्याखेरीज लेखनाकडे जाणारी दुसरी वाट होती ती उमेदवारीची. 'ब्रह्मचारी'त लहानसे काम करणारे ग. दि. माडगूळकर त्याच वाटेने पुढे गेले आणि 'दो आँखें बारह हाथ' (१९५७) पर्यंत पोहोचले. स्टुडिओत पडेल ते काम करावे, लेखकाच्या हाताखाली बसावे, रात्री-बेरात्री कथेच्या बैठकांना हजर राहावे आणि एक दिवस लेखणी आपल्या हाती यावी, अशी ही शाळा होती. पुरुष नटाला तिचे दार मोकळे होते. काम संपताच घरी परतणे हीच जिच्या अब्रूची खूण मानली जाई, त्या नटीला ते दार उघडे असूनही बंदच होते. साहित्यिकाची प्रतिष्ठाही नाही आणि उमेदवारीची मुभाही नाही, अशा कोंडीत पैसा हाच काय तो मार्ग शिल्लक राहिला.

या तर्काला पुष्टी देणारा पुरावा उलट बाजूने मिळतो. ज्या समाजांत गाणे-नाचणे हा स्त्रियांचा परंपरागत व्यवसाय होता, तेथे रचना करणे व सादर करणे यांत अशी भिंत नव्हती. हिराबाई पेडणेकर या कलावंत कुळातील. 'जयद्रथ विडंबन' (१९०४) व 'दामिनी' ही नाटके लिहून त्या मराठीतील आद्य स्त्री-नाटककार ठरल्या आणि 'दामिनी' ललितकलादर्श मंडळीने १९१२ मध्ये रंगभूमीवरही आणले. हिंदीत जद्दनबाई यांनी अभिनय, संगीत, दिग्दर्शन व निर्मिती ही सारी खाती एकहाती सांभाळली. उच्चवर्णीय घरांतील नट्यांनी चित्रपटाला 'सभ्यता' दिली असे म्हणतात. त्या सभ्यतेची किंमत कोणती, हा प्रश्न मात्र विचारला गेला नाही.

शांता आपटे (१९१६–१९६४) यांचे उदाहरण या दृष्टीने अधिक विस्ताराने पाहण्यासारखे आहे. 'कुंकू'तील नीरा वृद्ध पतीला पती मानण्याचे नाकारते. तो नकार महाराष्ट्राला शांताबाईंच्या आवाजात ऐकू आला, परंतु त्याचे शब्द दुसऱ्याचे होते. दोन वर्षांनी, १९३९ मध्ये, कराराच्या वादावरून शांताबाई पुण्यात प्रभातच्या दाराशी उपोषणास बसल्या. हा दुसरा नकार पूर्णतः त्यांचा स्वतःचा होता. आणि १९४० मध्ये 'जाऊ मी सिनेमात?' हे पुस्तक त्यांच्या नावे प्रसिद्ध झाले. शीर्षकातील प्रश्नार्थक क्रियापदाकडे लक्ष द्यावे. सिनेमात जाऊ इच्छिणारी व्यक्ती वडीलधाऱ्यांची परवानगी मागते तेच हे रूप. पण येथे परवानगी मागितली जात नसून व्यवसायाचीच उलटतपासणी होत आहे. नटीला लिहिता येत होते, तिला व्यवसायाची आर्थिक घडणही उमगली होती. तिच्या लेखणीला पटकथेत जागा नव्हती, एवढेच.

येथे भाषेच्या अंगाने एक गोष्ट नमूद करणे अवश्य आहे. मराठीत वर्तमानकाळाच्या प्रथमपुरुषी क्रियापदाला लिंग असते. 'मी जातो' आणि 'मी जाते' यांतील भेद लपविता येत नाही. बोलणारी स्त्री आहे हे वाक्य स्वतःच सांगते. म्हणजे नायिकेच्या संवादातील प्रत्येक 'मी' हा लेखकाला जाणीवपूर्वक स्त्रीलिंगी करावा लागतो. अर्धशतकभर पडद्यावरच्या या स्त्रीलिंगी क्रियापदांमागची लेखणी बहुशः पुरुषाची होती. संज्ञांचा इतिहासही काही सांगतो. संस्कृत 'निर्मात्री' बाजूस सारून मराठीने 'निर्माती' हे सुटसुटीत रूप घडविले व ते रुळले. 'पटकथाकार' या शब्दाला मात्र स्वतःचे स्त्रीलिंगी रूप मिळाले नाही, 'लेखिका' हे पद जोडून काम भागवावे लागले. केवळ शब्दांवरून समाजाचे अनुमान काढू नये हे खरे, पण येथे शब्द आणि घटना एकाच दिशेला बोट दाखवितात.

हंसा वाडकर यांच्या आत्मकथनाचे भवितव्य हा याच गोष्टीचा सर्वांत बोलका दाखला होय. 'सांगत्ये ऐका' (१९७०) हे शीर्षकच स्त्रीलिंगी क्रियापदाने सुरू होते. हंसाबाईंनी सांगितले, अरुण साधू यांनी शब्दांकन केले. त्यावर आधारलेल्या श्याम बेनेगल यांच्या 'भूमिका' (१९७७) या चित्रपटाच्या पटकथेवर बेनेगल, गिरीश कार्नाड व सत्यदेव दुबे यांची नावे आहेत. चित्रपट थोर आहे, यात शंका नाही. तथापि एका नटीचे आयुष्य पटकथा होण्यासाठी किती पुरुषांच्या हातून जावे लागले, तेही ध्यानात घ्यावे.

दुर्गाबाईंनी मधल्या काळात निराळाच मार्ग काढला होता. १९५२ मध्ये त्यांनी 'फॅक्ट फिल्म्स' ही संस्था स्थापिली. तीच पुढे दुर्गा खोटे प्रॉडक्शन्स झाली. लघुपट, अनुबोधपट व जाहिरातपट असे तिचे काम होते. पूर्ण लांबीच्या चित्रपटाचे भांडवल, त्यातील जुगार व वितरकांची मनधरणी यांतले येथे काहीच नव्हते. मागणीप्रमाणे काम व कामाप्रमाणे मोबदला, असा हा व्यवहार होता. 'सवंगडी'चा उद्योग एका चित्रपटावर थांबला, हा मात्र दशकानुदशके टिकला आणि १९८८ मध्ये याच संस्थेने दूरदर्शनसाठी 'वागले की दुनिया' ही मालिका दिली. त्या वेळी दुर्गाबाई त्र्याऐंशी वर्षांच्या होत्या. त्यांच्या या उद्योगाला चरित्रकार दोन ओळी देतात आणि तारामती-जोधाबाईंकडे वळतात. हा न्याय नव्हे. मात्र त्यांची स्वतःची लेखणी चालली ती 'मी, दुर्गा खोटे' (१९८२) या आत्मचरित्रात. पटकथेत नव्हे.

ही कोंडी फुटली ती चित्रपटाच्या बाहेर, प्रायोगिक रंगभूमीवर. साठ-सत्तरच्या दशकांत मुंबईत जी नाट्यमंडळी जमली तिच्यात नटाने केवळ नट राहणे परवडणारे नव्हते; संहितेची चर्चा, नेपथ्याची ओढाताण, तिकिटांची विक्री सर्वांनीच करावयाची. माडगूळकरांना स्टुडिओत जी उमेदवारी लाभली ती स्त्रीला लाभली ती येथे. चित्रा पालेकर या रंगभूमीवरील अभिनेत्री. 'आक्रीत' (१९८१) च्या निर्मितीत त्या आल्या तेव्हा पटकथा विजय तेंडुलकरांची होती, म्हणजे जुनीच विभागणी कायम होती. 'थोडासा रूमानी हो जाएँ' (१९९०) च्या लेखनात अमोल पालेकरांबरोबर त्यांचे नाव आले. आणि महाश्वेतादेवींच्या कथेवरील 'माती माय' (२००६) मध्ये लेखन व दिग्दर्शन दोन्ही त्यांनी केले. एकाच व्यक्तीच्या पंचवीस वर्षांत मराठी नटीच्या पाऊणशे वर्षांचा क्रम जणू पुन्हा घडला : आधी पैसा, मग सहलेखन, मग स्वतःचा शब्द.

दूरचित्रवाणीने दुसरी वाट खुली केली. वृत्तनिवेदिका व अभिनेत्री म्हणून परिचित असलेल्या स्मिता तळवलकर (१९५४–२०१४) यांनी 'कळत नकळत' (१९८९) पासून निर्मितीस आरंभ केला, 'चौकट राजा' (१९९१) काढला आणि 'सवत माझी लाडकी' (१९९३) चे दिग्दर्शनही केले. मराठी चित्रपटाच्या पडत्या काळात त्यांनी मध्यमवर्गीय प्रेक्षक धरून ठेवला, हे त्यांचे श्रेय मोठे आहे. परंतु त्यांच्याही संस्थेत निर्मितीच प्रधान राहिली. लेखणीची गरज निर्माण केली ती दैनंदिन मालिकेने. रोज एक भाग लिहून हवा असल्यावर लेखक साहित्यिक आहे की नाही, हे पाहण्यास सवड कोणाला? खांडेकर-अत्र्यांच्या काळातील दारावरचा पहारा अशा रीतीने, कोणत्याही चळवळीवाचून, आपोआप उठला.

मधुगंधा कुलकर्णी यांची वाटचाल या नव्या व्यवस्थेत झाली. अभिनेत्री म्हणून काम केल्यावर त्या लेखनाकडे वळल्या. 'होणार सून मी ह्या घरची' (२०१३) ही मालिका त्यांच्या लेखनामुळे घरोघर पोहोचली आणि पंढरपूरच्या पार्श्वभूमीवरील 'एलिझाबेथ एकादशी' (२०१४) ची कथा त्यांची आहे. त्या चित्रपटास बालचित्रपटाचा राष्ट्रीय पुरस्कार मिळाला. 'झिम्मा' (२०२१) मध्ये ही कामे दोन स्त्रियांत विभागली गेली : निर्मिती क्षिती जोग या अभिनेत्रीची, लेखन इरावती कर्णिक यांचे. 'नाच गं घुमा' (२०२४) मध्ये ती पुन्हा एकवटली. मधुगंधा कुलकर्णी त्याच्या निर्मात्यांपैकी एक आहेत आणि परेश मोकाशी यांच्यासह लेखिकाही. घरकाम करणारी बाई व तिची मालकीण यांच्या भांडणा-समेटांचा हा चित्रपट आहे, आणि त्यातील 'जाते', 'येते', 'सोडते', 'राहते' ही क्रियापदे लिहिणाऱ्यांत एक जण तरी असे आहे की जिला ती स्वतःसाठीही तशीच वापरावी लागतात.