बेंगोदीचा डोंगर

पुण्यामुंबईकडील सुशिक्षित कुटुंबांत शेवयांच्या डब्याशेजारीं मॅकरोनीची पिशवी दिसूं लागली, यास आतां बरींच वर्षें झालीं. मुलांच्या हट्टासाठीं ती आठवड्यांतून एखादे वेळीं शिजते, तिच्यावर चीज किसून घातलें जातें, आणि ज्या घरीं मांसाहार वर्ज्य नाहीं तेथें सॉसेजचे तुकडे परतून तिच्यांत मिसळले जातात. सारें काम अर्ध्या तासाचें. म्हणून हा पदार्थ अगदीं साधा असावा, व इटलींतील आजीबाई तो रोमन काळापासून रांधीत आल्या असाव्यात, अशी सर्वसाधारण समजूत आहे. ती अर्धीच खरी आहे. मॅकरोनी जुनी आहे; चीज व सॉसेज तर तिच्याहूनही पुष्कळ जुनीं आहेत. परंतु हीं तिन्हीं एका कष्टकऱ्याच्या घरच्या पातेल्यांत, सण नसतांना, एकत्र येऊं लागलीं त्यास शंभर-सव्वाशें वर्षांहून फार अधिक काळ लोटलेला नाहीं. त्यापूर्वीं निदान साडेपांचशें वर्षें इटलीचा गरीब मनुष्य हा पदार्थ स्वप्नांत खात होता. हें मी अलंकारानें बोलत नाहीं; त्या स्वप्नाचा लेखी पुरावा आहे, व तो पुढें येईलच.

प्रथम एक भाकडकथा वाटेंतून दूर केली पाहिजे. मार्को पोलोनें चीनहून ही विद्या इटलींत आणली, असें शाळकरी मुलेंही सांगतात. या कथेचा प्रसार करण्यांत अमेरिकेंतील मॅकरोनी-कारखानदारांच्या संघाचा मोठा वांटा आहे. 'मॅकरोनी जर्नल' नांवाचें त्यांचें एक मासिक असे; त्यांत १९२९ सालीं पोलोच्या जहाजावरील स्पॅगेटी नामक खलाशी एका चिनी बाईकडून ही कृति शिकला, अशी गोष्ट छापून आली. खलाशाचें नांवच तिचें स्वरूप सांगून जातें! पोलो व्हेनिसला परतला १२९५ सालीं. त्यापूर्वीं सोळा वर्षें, म्हणजे १२७९ सालीं, जिनोआ येथील एका नोटरीनें पोंझिओ बास्तोने या सैनिकाच्या चीजवस्तूंची यादी केली, तींत मॅकरोनीनें भरलेलें एक लहानसें पात्र नोंदलेलें आहे. दस्तऐवजांत नोंदावें इतकें त्याचें मोल होतें, ही गोष्टही लक्षांत ठेवण्याजोगी आहे. त्याच्याही मागें जावें तर ११५४ सालीं अल् इद्रिसी या अरब भूगोलकारानें सिसिलीच्या रॉजर राजासाठीं आपला ग्रंथ पुरा केला. पालेर्मोजवळच्या त्राबिया गांवीं 'इत्रिया' नांवाच्या वाळलेल्या शेवया मुबलक होतात, आणि त्या जहाजें भरभरून कालाब्रियांत व इतर मुसलमानी आणि ख्रिस्ती मुलुखांत जातात, असें तो लिहितो. म्हणजे बाराव्या शतकांतच हा जिन्नस घरच्या ताटापुरता राहिला नव्हता. त्याचा व्यापार चालू होता.

जहाजांत भरतां येतो तो जिन्नस टिकाऊ असला पाहिजे. या पदार्थाचें मर्म तेथेंच आहे. आपल्याकडे उन्हाळा आला कीं शेवया, कुरडया, पापड यांचीं वाळवणें अंगणांत पडतात. सिसिलीची मॅकरोनी हें असेंच एक वाळवण होय. डुरम नांवाच्या कठीण गव्हाचा रवा (आपला बन्सी गहूं त्याच कुळांतला), पाणी, ऊन आणि समुद्रावरचा वारा, एवढेंच तिचें भांडवल. नेपल्सजवळचें ग्रान्यानो हें गांव पुढें मॅकरोनीसाठीं नांवाजलें तें तेथील डोंगर व समुद्र यांमधून वाहणाऱ्या वाऱ्यामुळें.

आणि उरलेले दोन जिन्नस? तेही एका अर्थीं वाळवणेंच आहेत. दूध नासतें, म्हणून त्याचें चीज करावयाचें. मांस कुजतें, म्हणून तें मीठमसाला घालून आंतड्यांत भरावयाचें व धुरावर टांगावयाचें. रोमन पंडित व्हारो म्हणतो कीं 'लुकानिका' हें सॉसेज आमच्या शिपायांनीं दक्षिणेकडील लुकानिया प्रांताच्या लोकांपासून उचललें, म्हणून त्याचें तें नांव. आपिकियसच्या नांवावर चालणाऱ्या रोमन पाकग्रंथांत त्याची कृति आहे. तींत जिरें आहे आणि मिरीं आहेत. हीं मिरीं आपल्या मलबारच्या किनाऱ्यावरून गलबतांतून जात. उत्तर इटलींत 'लुगानेगा' हें नांव अजून जिवंत आहे. याच विद्येची एक शाखा पोर्तुगीजांबरोबर सोळाव्या शतकांत गोव्यास उतरली. तेथें तिला माडाच्या ताडीची शिर्का व अमेरिकेहून आलेली मिरची भेटली, आणि गोंयकारांचें चोरिस तयार झालें. वर्षभराचें मांस पावसाळ्यापूर्वीं बांधून ठेवणाऱ्या गोव्याच्या गृहिणीस लुकानियाच्या गृहिणीची अडचण वेगळी सांगावी लागली नसती.

चीजची गोष्ट जरा निराळी, कारण त्यांत श्रीमंतीचा वास आहे. पार्माच्या चीजचा उल्लेख जिनोआच्याच १२५४ सालच्या एका दस्तऐवजांत येतो. त्याची एक चकती सुमारें चाळीस किलोची. तिला पांचशें लिटरांहून अधिक दूध लागतें, आणि ती वर्ष-दोन वर्षें मुरावी लागते. एवढें दूध व एवढी सबूर मठांपाशीं व जमीनदारांपाशींच असे. लंडनला १६६६ सालीं मोठी आग लागली तेव्हां सॅम्युएल पीप्स या सरकारी अधिकाऱ्यानें बागेंत खड्डा खणून त्यांत आपली दारू व पार्मेझान चीज पुरून ठेवलें. आपल्याकडे संकटकाळीं दागिने पुरीत. पीप्सची जात तीच, फक्त दागिना खाण्याचा!

आतां त्या स्वप्नाकडे वळूं. बोकाच्चोचा 'डेकॅमेरॉन' हा कथासंग्रह १३४८ च्या भयंकर प्लेगनंतर, १३५३ च्या सुमारास पुरा झाला. त्यांतील आठव्या दिवसाच्या तिसऱ्या कथेंत कालांद्रीनो नांवाच्या भोळसट चिताऱ्यास एक थट्टेखोर इसम बेंगोदी नांवाच्या देशाचें वर्णन सांगतो. त्या देशांत किसलेल्या पार्मेझानचा एक डोंगर आहे. त्यावर बसलेले लोक अष्टौप्रहर मॅकरोनी करतात, कोंबड्याच्या रश्शांत शिजवितात आणि खालीं लोटून देतात. ज्यानें जितकी उचलावी तितकी त्याची. आणि तेथील द्राक्षवेली मांडवास बांधतात त्या काथ्यानें नव्हे, तर सॉसेजनीं! बिचारा कालांद्रीनो हा देश किती कोस आहे असें विचारतो, आणि जवळ असता तर निदान मॅकरोनी गडगडतांना पाहून पोट भरून आलों असतों, असें म्हणतो. (गडगडते त्यावरून ती मॅकरोनी नळीसारखी नसून उंड्यांसारखी असावी.) मॅकरोनी, चीज व सॉसेज हीं तिन्हीं माझ्या पाहण्यांत प्रथम एकत्र येतात तीं येथें, एका नसलेल्या देशांत. बोकाच्चो वाचकांस हंसवितो. पण ज्याला जें रोज मिळतें त्याचे डोंगर तो कल्पनेंत उभारीत नाहीं.

जागेपणीं तें कोणास मिळत होतें? पंधराव्या शतकांत मार्तीनो या आचार्यानें बड्या लोकांच्या मुदपाकखान्यासाठीं लिहिलेल्या ग्रंथांत सिसिलीच्या मॅकरोनीची कृति आहे. लोखंडी तारेभोंवतीं कणीक वळावी, उन्हांत वाळवावी. ती दोन-तीन वर्षें टिकते. मग ती दोन तास शिजवावी, आणि वर किसलेलें चीज, लोणी व गोड मसाला घालावा. दोन तास शिजलेल्या मॅकरोनीची अवस्था काय होत असेल ती असो; पण लोणी, चीज आणि मसाला हीं तिघें एका ताटांत पाहून यजमानाची ऐपत कळते.

सामान्य माणसाच्या तोंडीं मॅकरोनी पोंचली ती सतराव्या शतकांतील नेपल्समध्यें, आणि ती सुबत्तेमुळें नव्हे. पूर्वीं नेपल्सच्या लोकांस 'पालाखाऊ' म्हणून हिणवीत, कारण कोबी व हिरव्या भाज्या आणि थोडें मांस हें त्यांचें अन्न होतें. स्पॅनिश अमलाखालीं शहराची वस्ती बेसुमार वाढली, भाजी व मांस आटलें. त्याच सुमारास कणीक मळण्याचें व सोऱ्यासारखें दाबून काढण्याचें यंत्र आलें आणि मॅकरोनी स्वस्त झाली. एमिलिओ सेरेनी या इतिहासकारानें १९५८ सालीं ही मीमांसा मांडली. ती मला पटते. पालाखाऊंचे मॅकरोनीखाऊ झाले ते मांस गेल्यामुळें. जर्मन कवि गटे १७८७ सालीं नेपल्समध्यें होता. त्यास मॅकरोनी जिकडे तिकडे अल्प दरांत विकली जातांना दिसली. नुसत्या पाण्यांत उकडलेली. वर भुरभुरलेलें किसलेलें चीज हेंच तिचें तूप व हाच तिचा मसाला, असें तो नोंदवितो. लोक ती रस्त्यांतच, हातानें, मान मागें टाकून खात. टोमॅटो अद्याप तिच्यावर आला नव्हता. काव्हाल्कांतीच्या पुस्तकांत टोमॅटोसह शेवयांची कृति येते ती १८३९ सालीं.

सॉसेजचा मात्र पत्ता नाहीं. डुकर वर्षांतून एकदां, थंडींत मारावयाचें. त्यांतलें चांगलें तेवढें विकावयाचें, किंवा खंडाबरोबर कोंबड्या, अंडीं व डुकराची मांडी मालकाच्या घरीं पोंचवावयाची, ही मध्य इटलींतील कुळांची रीतच होती. उत्तरेकडे तर मॅकरोनीही नव्हती. तेथला शेतकरी मक्याच्या पिठाच्या घाट्यावर, ज्याला पोलेंता म्हणतात त्यावर, दिवस काढी. मका अमेरिकेहून आला, पण तो चुन्याच्या निवळींत शिजवून घेण्याची तेथील मूळ रहिवाशांची रीत त्याच्याबरोबर आली नाहीं. त्यामुळें त्यांतील एक जीवनसत्त्व अंगीं लागेना आणि पेलाग्रा रोग पसरला. कातडी फाटे, बुद्धि भ्रमे, शेवटीं मृत्यु येई. १८७७ सालीं नेमलेल्या व याचिनीच्या नांवानें प्रसिद्ध झालेल्या शेतकी चौकशीनें ही दुर्दशा राज्यकर्त्यांपुढें ठेवली. याच काळांत, १८९१ सालीं, आर्तूझी या निवृत्त व्यापाऱ्यानें स्वखर्चानें हजार प्रती काढून मध्यम वर्गाच्या गृहिणींसाठीं तो सुप्रसिद्ध पाकग्रंथ छापला, जो पुढें इटलीच्या घरोघरीं गेला. फ्लॉरेन्सच्या दिवाणखान्यांत हें पुस्तक चाळलें जात असतां नेपल्सच्या धक्क्यावर शेतकऱ्यांचीं कुटुंबें बोटींत चढत होतीं.

१८८० पासून १९२४ पर्यंत सुमारें चाळीस लक्ष इटालियन अमेरिकेच्या संयुक्त संस्थानांत उतरले, बहुतेक दक्षिणेचे. खाणींत, रेल्वेवर, शिवणकामाच्या कारखान्यांत ते राबले, घाणेरड्या चाळींतून राहिले. पण मांस! तें तेथें मजुराच्या आठवड्याच्या पगारांत बसत होतें. गव्हाचीही सोय झाली. मार्क कार्लटन हा कृषिशास्त्रज्ञ १८९८ च्या सुमारास रशियांत गेला, तेथून त्यानें डुरम गव्हाचें बीं आणलें, व डाकोटाच्या कोरड्या माळावर तें पीक माजलें. पहिल्या महायुद्धांत इटलीहून येणारा माल थांबला, तेव्हां अमेरिकेंतील कारखाने वाढले. मग गांवीं जें फक्त जमीनदाराच्या ताटांत पाहिलें होतें तें सिसिलीच्या बायकांनीं आपल्या चुलीवर चढविलें: बडीशेप घातलेलीं डुकराच्या मांसाचीं सॉसेजें, टोमॅटोचा रस्सा, मॅकरोनी, आणि वर हात न आंखडतां चीज. इटलींतून येणारे शिष्ट पाहुणे या मिश्रणास नाकें मुरडीत, व अजूनही मुरडतात. इतकें मांस, इतकें चीज एकाच ताटांत घालणें त्यांस असंस्कृतपणाचें वाटतें. मला तसें वाटत नाहीं. ज्यांच्या पणज्यांनीं बेंगोदीच्या गोष्टी उपाशीं पोटीं ऐकल्या, त्यांनीं तो डोंगर हातीं लागल्यावर चिमटीनें घ्यावा, ही अपेक्षा पोट भरलेल्यांची आहे.

पुढचा मजकूर थोडक्यांत. जेम्स क्राफ्ट यानें १९१६ सालीं न बिघडणाऱ्या, प्रक्रिया केलेल्या चीजचें पेटंट घेतलें, आणि १९३७ सालीं, ऐन मंदीच्या दशकांत, त्याच्या कंपनीनें मॅकरोनी व चीजची भुकटी एका खोक्यांत घालून एकोणीस सेंटांस विकावयास काढली. चौघांचें जेवण एवढ्यांत होई. इकडे इटलींत कवि मारिनेत्ती यानें १९३० च्या डिसेंबरांत मॅकरोनीविरुद्ध जाहीरनामा काढून तिनें राष्ट्र आळशी व निराश होतें असें बजाविलें. राष्ट्रानें तो वाचला आणि जेवावयास बसलें. इटलीच्या सामान्य घरांत मांस नित्याचें झालें तें दुसऱ्या महायुद्धानंतर, १९५० नंतरच्या भरभराटींत.

आतां कृतीविषयीं, कारण पुष्कळ घरीं चीजचे गोळे होतात अशी तक्रार ऐकूं येते. सॉसेज वरच्या आवरणांतून सोडवून, चुरून, कोरड्या कढईंत मंद आंचेवर ठेवावें. त्याची चरबी सुटते, वेगळें तेल लागत नाहीं. गोव्याचें चोरिस असल्यास मीठ व मिरची हात राखून. मॅकरोनी वेष्टनावर दिलेल्या वेळेपेक्षां मिनिटभर आधींच काढून कढईंत टाकावी, पण तिचें पाणी ओतून देऊं नये. त्यांत उतरलेलें पीठ चरबी व चीज यांस एकजीव करतें. त्या पाण्याची पळी-दोन पळ्या घालून परतावें. किसलेलें चीज मात्र कढई विस्तवावरून उतरवून, वाफ जराशी निवाल्यावरच घालावें. आंच फार झाली कीं त्यांतील प्रथिनें आवळून तूप निराळें होतें आणि खालीं रबराचा गोळा राहतो.